पेशंटबाई आणि पाहुणा

आमच्या नर्सिंग शाळेत एक बाई अकरा वर्षं आजारी पडण्याची नोकरी करत होत्या. हजेरीपटावर त्यांच्या नावापुढे 'मदतनीस' असं लिहिलेलं असायचं, पण सगळी शाळा त्यांना पेशंटबाई म्हणायची आणि विद्यार्थिनी मावशी म्हणायच्या. तब्येतीनं त्या ठणठणीत. मी त्यांना साधं शिंकतानाही पाहिलं नाही. सकाळी सव्वानऊला यायच्या, डबा कपाटात ठेवायच्या, निळा झगा चढवून सरावाच्या खोलीतल्या पहिल्या पलंगावर आडव्या व्हायच्या, आणि पाच मिनिटांत त्यांना दमा लागलेला असायचा.

मुळात त्या झाडलोटीला लागल्या होत्या. परीक्षेसाठी पेशंट म्हणून एक नाटकातली बाई यायची. एका परीक्षेला ती आलीच नाही. मोठ्या बाई, म्हणजे आमच्या मुख्याध्यापिका, अगदी हवालदिल झाल्या. समोर ह्या खोली झाडत होत्या. मोठ्या बाई म्हणाल्या, जरा आडव्या व्हा आणि पोटात दुखतंय असं सांगा.

ह्यांनी विचारलं, "कुठल्या बाजूला? आणि खाल्ल्यावर दुखतं की उपाशीपोटी?"

मोठ्या बाईंनी त्याच दिवशी त्यांच्या हातातला झाडू काढून घेतला.

हे ज्ञान घरचं होतं. त्यांच्या सासूबाई चार वर्षं अंथरुणाला खिळून होत्या आणि त्यांचं सगळं ह्यांनी केलं होतं. "दुखण्याची बाराखडी मी त्यांच्याकडे गिरवली," असं त्या म्हणायच्या. नाटकातली बाई विव्हळायची, पलंगावर गडाबडा लोळायची. पेशंटबाई असलं काही करत नसत. त्या हसून 'बरं आहे' म्हणायच्या आणि चादरीखाली एक मूठ घट्ट आवळून धरायच्या. जिला ती मूठ दिसली, ती पास. कोणी थंडगार हातानं पोट तपासायला गेली की पोट आत ओढून घ्यायच्या आणि शांतपणे सांगायच्या, "नंतर या." मग ती मुलगी बाहेर जाऊन हात चोळून यायची. पुढे आयुष्यभर ती हात चोळूनच पेशंटला हात लावणार, हे आम्हाला ठाऊक असायचं.

मी तिथे नव्यानं शिकवायला लागले, तेव्हा त्यांना विचारलं होतं की तुम्ही कण्हत का नाही. त्या म्हणाल्या, "ताई, दुखणं माणूस घरच्यांना दाखवतो, परक्यांपासून लपवतो. ह्या मुली परक्या."

मग एके दिवशी कपाटाएवढ्या खोक्यातून यंत्रमानव आला.

साठीच्या माणसासारखा देह, खुरटी पांढरी दाढीसुद्धा. छाती वर-खाली होत होती. डोळ्यांवर विजेरी धरली की बाहुल्या लहान व्हायच्या. मनगटावर, मानेवर, पावलावर नाडी लागायची, कपाळावर घाम यायचा, ओठ निळे पडायचे. कंपनीकडून त्याच्याबरोबर एक तरुण आला होता, त्याला आम्ही यंत्रवाला म्हणायला लागलो. तो अभिमानानं म्हणाला की ह्याला दोनशे आजार येतात. पेशंटबाईंनी बोटांवर मोजून पाहिलं आणि म्हणाल्या, "माझे अठरा."

त्याला 'पाहुणा' हे नाव त्यांनीच दिलं. आला आणि थेट त्यांचाच पलंग अडवून बसला म्हणून.

दुसऱ्या दिवशी सकाळी पाहते तो पेशंटबाई जुने कपडे घालून सरावाची खोली झाडत होत्या. त्यांना कोणी काही म्हटलं नव्हतं. पण आपलं काम गेलं हे समजायला सांगावं लागत नाही, असा त्यांचा हिशेब. मोठ्या बाईंचं काहीच ठरलेलं नव्हतं, त्यामुळे त्याही गप्प. मी दारात उभी राहून बघत होते. पलंगाखालचं झाडून झालं, मग त्यांनी पाहुण्याची चादर बदलायला घेतली. "जरा पाय उचलते हं," असं म्हणून त्यांनी एक हात टाचेखाली आणि दुसरा गुडघ्याखाली घालून त्याचा पाय अलगद उचलला. आदल्या दिवशी आमच्या मुलींनी तोच पाय अंगठ्याला धरून उचलला होता.

महिनाभरात माझ्या लक्षात यायला लागलं की काहीतरी हातचं निसटतंय. मुली हुशार झाल्या होत्या, यात वाद नाही. पाहुण्याच्या डोक्याशी एक पडदा होता, त्यावर नाडी, श्वास, रक्तदाब सगळं यायचं, आणि आकडा हलला की मुली वाऱ्यासारख्या धावायच्या. पेशंटबाईंच्या अंगावर जे कधीच करून बघता आलं नसतं, ते त्या त्याच्यावर बिनधास्त करायच्या, चुकायच्या, पुन्हा करायच्या. पण औषधांचा ट्रे खुशाल त्याच्या पोटावर ठेवायच्या. त्याच्या अंगावरून एकमेकींशी गप्पा मारायच्या. त्यात तो बोलायचा ते असं की, "मला छातीत वेदना होत आहेत." स्टेशनावर गाडी सुटल्याची घोषणा व्हावी तसा सूर. मुली फिसकन हसायच्या.

मी हे मोठ्या बाईंच्या कानावर घातलं. यंत्रवाला तिथेच होता. तो म्हणाला, ह्याच्या घशात स्पीकर आहे, शेजारच्या काचेच्या खोलीतून कोणी माईकवर बोललं तर ते त्याच्या तोंडून येतं, फक्त आवाज पुरुषी होतो. बोलणारं माणूस मात्र तुमचं तुम्ही शोधायचं. मी म्हटलं, शोधायचं कशाला, त्या बाहेर फरशी पुसतायत.

पेशंटबाईंनी सगळं नीट ऐकून घेतलं. "म्हणजे आजारी तो, आणि कण्हायचं मी," त्या म्हणाल्या. "बरी वाटणी आहे."

पहिले दोन दिवस काही केल्या जमेना. काचेच्या खोलीत त्यांना खुर्ची दिली होती, समोर माईक. मी शेजारी बसून पाहुण्याची बटणं सांभाळत होते. त्यांचा आवाज कोरडा, पाठ केल्यासारखा निघत होता. तिसऱ्या दिवशी त्या वैतागून म्हणाल्या, "ताई, बसून आजारी कसं पडायचं हो?" मग आम्ही दोन बाकं जोडली, त्यांवर चादर घातली, त्या आडव्या झाल्या, छातीवर माईक ठेवला. लगेच आवाज लागला. काचेपलीकडे पाहुणा दबक्या आवाजात म्हणाला, "काही नाही हो, जरा दम लागतो जिना चढल्यावर." आणि त्याच्या पोटावरचा ट्रे एका मुलीनं गुपचूप उचलला.

चेहऱ्याचं काम त्यानंतर निघालं. पाहुण्याच्या भुवयांत, गालांत बारीक मोटरी होत्या, पण त्याचं दुखणं लहान मुलांच्या पुस्तकातल्या चित्रासारखं दिसायचं. तोंड वासलेलं, कपाळाला आठ्याच आठ्या. यंत्रवाल्यानं पेशंटबाईंच्या कपाळाला, गालांना बारीक ठिपके चिकटवले आणि समोर कॅमेरा लावला. त्या जसा चेहरा करतील, तसा पाहुणा शिकणार होता.

यंत्रवाला म्हणाला, थोडं दुखतंय असं करा. त्यांनी केलं. मग म्हणाला, आता खूप दुखतंय असं करा. त्यांचा चेहरा आणखी शांत झाला. त्यानं कॅमेरा तपासला, ठिपके तपासले.

"मावशी, काहीच दिसत नाहीये."

"दिसू नये म्हणूनच तर चाललंय सगळं."

यंत्रवाला तरुण होता, पण मठ्ठ नव्हता. तो बराच वेळ पडद्यावरचा त्यांचा चेहरा पुन्हा पुन्हा बघत बसला. मग म्हणाला की आम्ही आजवर यंत्राला दुखणं दाखवायला शिकवलं, लपवायला शिकवावं हे कोणाच्या डोक्यात आलं नाही. चार दिवस तो त्यामागे लागला. भुवई किंचित आखडते आणि लगेच सैल सुटते. नजर समोरच्या माणसावरून दाराकडे जाते. ओठ हसल्यासारखे होतात. उजव्या हाताची बोटं चादर धरतात. पाचव्या दिवशी त्यानं पाहुणा चालू केला आणि आम्ही तिघं पलंगाशी उभे राहिलो.

पेशंटबाई एकदम मागे सरकल्या. "ह्या तर आमच्या सासूबाई," त्या म्हणाल्या.

दाढीवाल्या पाहुण्यात सासूबाई कुठल्या, असं मी गमतीनं विचारलं. पण त्या हसल्या नाहीत. म्हणाल्या, "मला वाटायचं मी पेशंट होते. मी त्यांची नक्कल करत होते इतकी वर्षं. आता हा माझी करतोय."

त्यांना अकरा वर्षांत एकच गोष्ट जमली नव्हती, ती म्हणजे मरणं. एकदा प्रयत्न केला होता. श्वास रोखून डोळे मिटून पडल्या, आणि नाडी बघणारी मुलगी म्हणाली, "मावशी, बहात्तर. एकदम छान आहे." सगळा वर्ग हसून हसून लोळला. पाहुण्याला मात्र मरता येत होतं. म्हणून मोठ्या बाईंनी ठरवलं की शेवटच्या वर्षाच्या मुलींनी खऱ्या वॉर्डात जाण्याआधी इथे एक मरण पाहावं. वॉर्डात पहिलं मरण पाहून मुली रडतात, त्याचं काही वाटत नाही. काही जणी त्या माणसाकडे पाठ फिरवून चादरींच्या घड्या घालत बसतात, त्याची काळजी वाटते.

हे कळल्यावर पेशंटबाई दुपारी डबा घेऊन माझ्या टेबलाशी आल्या. डबा उघडला नाही. म्हणाल्या, हे माझ्याच्यानं व्हायचं नाही.

मग त्यांनी सांगितलं. सासूबाई गेल्या त्या दिवशी दुपारी वारा सुटला होता. गच्चीवर चादरी वाळत होत्या, त्या उडतील म्हणून ह्या वर गेल्या. फार तर दहा मिनिटं. चादरी काढल्या, चिमटे गोळा केले, खाली आल्या, तर सगळं संपलं होतं. संध्याकाळी नणंद आली. ती म्हणाली, "वहिनी, चार वर्षं केलंस आणि नेमकी तेव्हाच नव्हतीस." रागानं नाही म्हणाली. रडता रडता म्हणाली. नंतर तीही विसरली असेल. पण ते वाक्य ह्यांच्या मनात घर करून बसलं.

"शेवटी त्या काही बोलल्या का, कोणाला हाक मारली का, मला माहीत नाही," त्या म्हणाल्या. "मग ताई, त्याच्या तोंडून मी काय बोलू?"

मी शिक्षिकेला सुचतं तेच केलं. कागदावर तीन वाक्यं लिहून दिली. 'पाणी हवंय.' 'मुलाला बोलवा.' 'दिवा नको.' त्यानंतर गप्प राहायचं. त्यांनी कागद वाचला, घडी घातली आणि ठीक आहे म्हणाल्या.

पहिली पाळी चष्मेवालीची आली. ही आमची सगळ्यात हुशार विद्यार्थिनी. हात असा सफाईदार की बघत राहावं, चूक म्हणून सापडायची नाही. पण ती पेशंटच्या तोंडाकडे कधी बघायची नाही. सगळं लक्ष पडद्यावर. मागे एकदा पेशंटबाई तिला म्हणाल्या होत्या, बाळा, मी इकडे आहे.

तिच्या हातात दिलेल्या कागदावर लिहिलं होतं की उपचार थांबवायचं ठरलं आहे, घरच्यांनाही कळवलं आहे, आता फक्त सोबत करायची. ती खोलीत शिरली, सवयीनं डोक्याशी पाहिलं. मोठ्या बाईंच्या सांगण्यावरून मी पडदा बंद ठेवला होता. त्या काळ्या काचेकडे ती क्षणभर बघत राहिली. मग तिची नजर खाली, पाहुण्याच्या चेहऱ्यावर आली.

तिनं पाणी पाजलं, चमच्यानं, हळूहळू. मुलाला निरोप धाडलाय म्हणाली. दिवा मालवला. कागदावरची तिन्ही वाक्यं संपली. आता चष्मेवाली बाहेर जाईल असं मला वाटलं. पण तिनं स्टूल ओढलं, बसली, दोन्ही हात एकमेकांवर चोळले आणि चादर धरलेली त्याची बोटं एकेक करून सोडवून आपल्या हातात घेतली.

"काही सांगायचंय का?" तिनं विचारलं.

हे कुठेच लिहिलेलं नव्हतं. मी पेशंटबाईंकडे पाहिलं. त्या बाकावर डोळे मिटून पडल्या होत्या. इतका वेळ गेला की आता माईक बंद करावा असं माझ्या मनात आलं.

"सून गच्चीवर गेलीय," पाहुणा म्हणाला. "वाळलेलं काढायला. येईलच आता." मग श्वास घेण्यापुरतं थांबून, "तिला कोणी काही बोलू नका. मीच पाठवलं तिला."

चष्मेवाली थोडी पुढे वाकली. "नाही बोलणार कोणी. मी सांगेन त्यांना, की मी इथे होते."

ह्यानंतर श्वास कमी करत न्यायचा होता. ते बटण माझ्याकडे होतं. आजवर मी ते शेकडो वेळा फिरवलं असेल. त्या दिवशी अगदी हळू फिरवलं. छाती वर आली, खाली गेली. पुन्हा आली. मग नाही आली. चष्मेवाली उठली नाही. थोड्या वेळानं तिनं त्याच्या पापण्या मिटल्या, चादर छातीपर्यंत नीट ओढली आणि घड्याळात बघून वेळ सांगितली.

पेशंटबाई उठून बसल्या. माईक बाजूला ठेवला.

"त्या असं म्हणाल्या असतील का हो?"

मी म्हटलं, मला नाही सांगता यायचं. खरंच त्यांनी पाठवलं होतं का तुम्हाला?

"छे. वारा सुटला म्हणून मीच गेले." त्यांनी काचेपलीकडे पाहिलं. "पण विचारलं असतं कोणी, तर हेच म्हणाल्या असत्या. चार वर्षं त्यांच्या तोंडातला शब्द बाहेर यायच्या आधी मला कळायचा."

तेवढ्यात चष्मेवालीनं दारावर टकटक केलं. तिला ह्यातलं काहीच ठाऊक नव्हतं. परीक्षेत काही राहून गेलं असावं, ह्या काळजीनं ती आली होती. म्हणाली, मावशी, सुनेला निरोप द्यायचा राहिला, तो कोणाला द्यायचा, की तुम्हीच सून होऊन येणार आहात?

"पोचला निरोप," पेशंटबाई म्हणाल्या. आणि मग मात्र रडल्या. चष्मेवाली गोंधळली, पण गेली नाही. त्यांच्याजवळ बाकावर बसून राहिली.

त्यानंतर त्यांनी झाडू पुन्हा हातात घेतला नाही. शाळेचं वेळापत्रक आपोआप बसत गेलं. सकाळी पाहुणा, दुपारी पेशंटबाई, शेजारशेजारच्या पलंगांवर. मुली चुका त्याच्यावर करायच्या आणि दुरुस्त ह्यांच्यावर करून घ्यायच्या.

तीन वर्षांनी कंपनीनं पाहुण्याला स्वतःचं बोलणं दिलं. आता तो कशालाही उत्तर देऊ शकत होता, फक्त शिकायला त्याला पेशंटबाईंचा आवाज हवा होता. यंत्रवाला तीन दिवस मुक्काम ठोकून होता. पेशंटबाईंनी घरी नवऱ्याला विचारलं, तर ते म्हणाले, घरी तुझा आवाज मला एकट्याला ऐकावा लागतो, आणखी कोणाला वाटून दिलास तर बरंच होईल. त्यांनी आपले अठराच्या अठरा आजार यंत्रवाल्याला दिले, हातचं काही राखलं नाही. शेवटचं बोलणं मात्र दिलं नाही. ते माणसानंच माईकवर बोलायचं, असं सांगितलं.

यंत्रवाल्यानं मुकाट्यानं ऐकलं. पण खरं सांगायचं तर पाहुण्याला त्यांची गरज उरली नव्हती. एकदा पेशंटबाई रजेवर असताना पाहुणा आपला आपण बोलला आणि आपला आपण गेला. मी काचेमागे बसून ऐकलं. मला फरक कळला नाही. मुलीनं हातही धरला, तसाच. हे लपवून ठेवणं मला बरं वाटेना, म्हणून त्या आल्यावर सांगून टाकलं.

"हात धरला ना? मग मुलीचं काम झालं," त्या म्हणाल्या. "पण ताई, कोणी हात धरलाय हे त्या बाजूला कोणाला तरी कळायला नको का?"

मोठ्या बाईंपुढे मी हे तसंच्या तसं मांडलं. त्यांनी मान हलवली, पटलं की नाही ते मला अजून माहीत नाही. पण त्या वर्षापासून मरणाच्या पाठाला माईकवर माणूसच बसतं, हा आमच्या शाळेचा नेम झाला.

आता पेशंटबाईंचा श्वास खरंच जिन्यावर फुलतो. त्या आठवड्यातून एकदाच येतात, तेही नव्या माणसांना तयार करायला. गेल्या मंगळवारी एक निवृत्त बसकंडक्टर आले होते. आवाज खणखणीत, शेवटच्या बाकापर्यंत पोचणारा, आणि तीच पंचाईत होती. बाकावर आडवे झाले, तरी मरणारा माणूस उतारूंना पुढे सरकायला सांगतोय असंच वाटत होतं. पेशंटबाईंनी थोडा वेळ ऐकलं. मग उठल्या, काचेपलीकडे गेल्या, पाहुण्याच्या उशाशी स्टूल ओढून बसल्या आणि त्याचा हात हातात घेतला.

कंडक्टर काचेतून बघत होते. त्यांचे खांदे हळूहळू सैल झाले. बऱ्याच वेळानं, अगदी हलक्या आवाजात, ते म्हणाले, "जरा खिडकी उघडता का?"

रंगकाम झाल्यापासून पाहुण्याच्या पलंगाजवळची खिडकी घट्ट बसली होती. पेशंटबाई उठल्या, खांदा लावून दोनदा रेटल्यावर ती उघडली, आणि त्या परत येऊन बसल्या.